तिच्या तोंडी माझा आवाज

फोन उचलून मी "हाँ जी, बोलिए" एवढंच म्हणाले. पलीकडे एक बाई काहीतरी सांगू पाहत होती, तिचा आवाज मध्येच तुटला. फोन कुणीतरी ओढून घेतल्यासारखी खरखर झाली आणि मग अगदी कानाला लागून एका लहान मुलीचा आवाज आला, "अम्मा? कहाँ से बोल रही हो?"

मला मूल नाही. मी अलीगंजच्या बाजारात भाजीच्या ठेल्यासमोर भर उन्हात उभी होते, हातात पालकाची जुडी होती. राँग नंबर असेल म्हणून मी जरा मऊपणाने विचारलं, "बेटा, किससे बात करनी है?" आता ती बावरेल, फोन मोठ्या माणसाकडे देईल, असं मला वाटलं. पण ती हसली. आपलंच माणूस अनोळखी असल्याचं सोंग करतंय हे ओळखल्यावर मुलं हसतात, तशी. "हमसे," ती म्हणाली. "और किससे?"

मी फोन कापला. भाजीवाला विचारत होता, "दीदी, धनिया डाल दूँ?" आणि मला त्याला हो म्हणायलाही तोंड उघडवेना. मी मान हलवली, पिशवी उचलली आणि घराकडे चालू लागले. भुताखेतांवर माझा काडीचाही विश्वास नाही, हे मी रस्ताभर स्वतःला बजावत होते. ज्याचा विश्वास नसतो त्याला असं बजावावं लागत नाही, हे कळत असूनही.

आमचं घर बौद्ध. बाबा टेलिफोन खात्याच्या नोकरीसाठी अमरावतीहून लखनऊला आले आणि इथलेच झाले. अंगारे, नजर, करणी, अमावास्या, या सगळ्या गोष्टी आजोबांच्या पिढीनेच मागे टाकलेल्या. लहानपणी मी अंधाराला घाबरून रडले की बाबा जवळ घ्यायचे नाहीत, टॉर्च हातात द्यायचे. "जा, पाहून ये," म्हणायचे. मी जाऊन पाहून यायचे. कोपऱ्यात बादली असायची, नाहीतर खुंटीला टांगलेला रेनकोट. त्यामुळे भीती वाटली की मला आधी राग येतो, अजूनही.

त्या दिवशी रागही आला. कारण मुलीचा आवाज मी कधी ऐकला नव्हता, पण ती मला कुठून ओळखते ते चालता चालता माझ्या लक्षात येऊ लागलं होतं.

मी आरोग्यावरचे माहितीपट बनवते. सरकारी दवाखान्यात नंबर यायची वाट बघताना भिंतीवरच्या टीव्हीत जे चालू असतं आणि ज्याच्याकडे कुणी बघत नाही, ते माझं काम. गावोगावी शाळेच्या व्हरांड्यात चादर बांधूनही आम्ही ते दाखवतो. हात धुणं, डासांची पैदास, गरोदरपणातल्या तपासण्या, क्षयरोग. लोक जांभया देतात हे मला ठाऊक आहे. एखादी बाई मात्र शेवटपर्यंत टक लावून बघते आणि दुसऱ्या दिवशी तपासणीला येते. त्या एका बाईच्या जिवावर मी हे काम करत आले आहे.

क्षयरोगावरची ती फिल्म सहा-सात वर्षांपूर्वीची. बख्शी का तालाबच्या पुढे, आंब्याच्या बागांच्या कडेला एक गाव आहे, तिथे आम्ही शूटिंग केलं. औषधांचा कोर्स पुरा करून बरी झालेली एक तरुण बाई आम्हाला मिळाली होती. हसरी, हडकुळी, गालांवर नुकतंच मांस चढू लागलेलं. मांडीवर एक तान्ही मुलगी, कपाळाच्या कडेला काजळाचा भलामोठा ठिपका. बाई कॅमेऱ्याला जराही बुजली नाही. अडचण आभाळाची होती. जवळच हवाई दलाचा तळ, आणि त्या दिवशी विमानांचा सराव चाललेला. ती तोंड उघडायची आणि डोक्यावरून एक विमान घरघरत जायचं. तिथले लोक विमानाला जहाज म्हणतात. पुढे पुढे तीच हात वर करून आम्हाला थांबवू लागली, "जहाज निकल जाए, तब बोली." जहाज जायचं, ती बोलायची, दुसरं यायचं.

आमच्या धंद्यात एक रीत आहे. शूटिंग आटोपलं की त्या जागेची शांतता रेकॉर्ड करून घ्यायची. सगळ्यांनी जागच्या जागी उभं राहायचं, चुळबुळ करायची नाही, आणि यंत्र नुसतं चालू ठेवायचं. नंतर एडिटिंग करताना दोन वाक्यांमधल्या फटी बुजवायला ती शांतता वापरतात. प्रत्येक घराची शांतता वेगळी असते, एका घरची दुसऱ्याला लावली तर कानाला लगेच खटकतं. हे मी तिला समजावून सांगितलं आणि तिला हसूच आवरेना. शहाणीसुरती माणसं शहरातून येतात आणि अंगणात पुतळ्यासारखी उभी राहून काहीच नसलेलं रेकॉर्ड करतात, याची तिला फार गंमत वाटली. ती मध्येच बोलत राहिली. मी वैतागले. "रहने दो, बेकार गया," असं म्हणून मी सामान आवरायला सांगितलं आणि ते आवरेपर्यंत तिच्याशी गप्पा मारत बसले.

स्टुडिओत ऐकलं तर तिची सगळी मुलाखतच बेकार गेली होती. प्रत्येक वाक्याच्या पोटात विमान. मग तिचा आवाज डब करायचं ठरलं. आवाज देणाऱ्या बाईची तारीख मिळेना, म्हणून मीच काचेमागे जाऊन बसले. समोर पडद्यावर ती, आवाज बंद. तिचे ओठ हलतील तसं मला बोलायचं होतं. सुरुवातीला मी मागे पडायचे किंवा पुढे पळायचे. मग मी ओठांकडे बघणं सोडून दिलं आणि नुसती तिच्यासारखा श्वास घेऊ लागले. ती छाती भरून घ्यायची तेव्हा मीही. तिचं हसूही मीच हसले. सुरुवातीच्या एका दृश्यात ती जुना आजार कसा होता ते खोकून दाखवते, तो खोकलाही मीच खोकले. जमेपर्यंत पुन्हा पुन्हा. घरी आल्यावर बाबांनी विचारलं, "काहून गं, असा काय खोकला लागला?" काही दिवस तो खरंच राहिला. मी गपचूप छातीचा फोटो काढून आणला. काही नव्हतं.

संहिता अर्थातच माझ्या एकटीची नव्हती. डॉक्टर, अधिकारी, सगळ्यांनी बसून ती ठरवली होती. त्यात एक वाक्य होतं, "दवा से मुझे कोई तकलीफ़ नहीं हुई." अशा फिल्ममध्ये ते असतंच. औषधाने मळमळ होते, लघवी लाल होते, हे आधीच सांगितलं तर माणसं घाबरून औषध सुरूच करणार नाहीत, ते प्रत्यक्ष दवाखान्यात समजावावं, असा त्यामागचा विचार. मला तो तेव्हा पटला होता.

फिल्म तयार झाल्यावर आम्ही ती आधी तिच्याच गावात दाखवली. चादरीवर तिचा चेहरा आला, तोंड उघडलं आणि माझा आवाज बाहेर पडला. ती तोंडाला पदर लावून हसत सुटली. संपल्यावर माझ्याकडे आली आणि म्हणाली, "मुँह हमार, बोली तुम्हार." मी माफी मागितल्यासारखं काहीतरी पुटपुटले. तिने ते उडवून लावलं. "अच्छा तो है. अब हम चुप भी रहें, ये बोलती रहेगी."

पुढच्याच वर्षी पावसाळ्यानंतरच्या तापात ती गेली. क्षयाचा काही संबंध नव्हता, डेंगूची साथ होती. गावातल्या आशा कार्यकर्तीने, म्हणजे घरोघर जाऊन आरोग्याचं काम बघणाऱ्या बाईने, मला फोनवर सांगितलं. मला वाईट वाटलं. आणि मग मी पुढच्या कामाला लागले.

फिल्म मात्र चालूच राहिली. एकदा बाबांना गुडघ्यासाठी दवाखान्यात नेलं होतं. आम्ही बाकावर बसलो होतो आणि भिंतीवर ती बोलू लागली. बाबांनी आधी टीव्हीकडे पाहिलं, मग माझ्या मिटलेल्या तोंडाकडे. ती गेल्याचं मी त्यांना घरी सांगितलेलं होतं. ते बाकावर जरासे सरकून बसले, माझ्यापासून लांब. मला ते इतकं लागलं की मी उठून पाण्याच्या मशीनपाशी जाऊन उभी राहिले. तिथेही माझा आवाज येत होता.

तर बाजारातून घरी पोचले तेव्हा पुन्हा फोन वाजला. ती आशा कार्यकर्तीच होती. दुसऱ्याच कुणाच्या फोनवरून करत होती, म्हणून नंबर ओळखीचा नव्हता. मघाशी मुलीने हिसकावला म्हणून तिने आधी माफी मागितली. मग जे सांगितलं ते ऐकताना मी पिशवी तशीच हातात धरून उभी राहिले.

काजळाचा ठिपका लावलेली ती तान्ही आता शाळेत जाते. तिच्या मानेला गाठ आली. तपासणीत क्षय निघाला. औषधं सुरू झाली, आणि तिला उलट्या होऊ लागल्या. डॉक्टरांनी वेळ बदलून दिली, पोटासाठी गोळी दिली, घाबरायचं कारण नाही म्हणाले. पण मुलगी औषध तोंडातच घेईना. घेतलं तर थुंकून टाकते. कारण विचारलं तर सांगते, की ही औषधं चुकीची आहेत. अम्माला असं काही झालं नव्हतं. अम्मा रोज सांगते.

"रोज?" मी विचारलं.

"फोन में है न आपका वीडियो," ती म्हणाली. "दीदी, एक बार आ जाइए. कोर्स बीच में छूट गया तो बहुत बुरा होगा. आप ही कुछ कर सकती हैं."

मी दुसऱ्या दिवशी स्कूटर काढली. सीतापूर रोडवरून पुढे जाताना मी मनात वाक्यं जुळवत होते. गाडी बागेच्या कडेला लावली आणि घरापाशी चालत गेले. अंगण रिकामं होतं. दार उघडं. आणि आतून माझा आवाज आला.

"पहले मैं बहुत कमज़ोर हो गई थी," मी आत म्हणत होते. "दो कदम चलती तो साँस फूल जाती."

"अब ठीक हो?" एका मुलीने विचारलं.

"अब मैं बिल्कुल ठीक हूँ."

"खाना खाया?"

"खाना समय पर खाती हूँ. दाल, दूध, हरी सब्ज़ी."

"हमने भी खाया. दादी ने लौकी बनाई थी."

माझ्या अंगावर सरसरून काटा आला. ती मुलगी बरोबर फटींमध्ये बोलत होती. दोन वाक्यांच्या मधली जागा किती, ते तिला पाठ होतं. प्रश्न संपायचा आणि माझं उत्तर यायचं, जराही मागेपुढे नाही. बाहेर कुणी परकं उभं असतं तर त्याला वाटलं असतं, आई आणि मुलगी निवांत गप्पा मारत बसल्या आहेत. मीही क्षणभर तेच ऐकलं. मी दारात उभी असताना आत कोण बोलतंय, असा वेड्यासारखा विचार माझ्या मनात आला.

"दवा से मुझे कोई तकलीफ़ नहीं हुई," मी आत म्हणाले.

"हमको होती है, अम्मा."

"घबराइए मत. मुझे देखिए. मैं आपके सामने हूँ."

 मग माझा खोकला ऐकू आला. तिने फिल्म पहिल्यापासून लावली होती.

मी हाक मारायला तोंड उघडलं आणि तेवढ्यात मागून कुणीतरी माझ्या तोंडावर हात ठेवला. खरखरीत, शेणामातीचा वास येणारा हात. मी किंचाळले असते, पण तो हात घट्ट होता. मुलीची दादी होती. तिने मला ओढतच आंब्याखाली नेलं आणि मगच हात काढला.

"बोलना मत," ती कुजबुजली. "सुन लेगी."

म्हातारीच्या सुनेला जाऊन पाच-सहा वर्षं झाली होती, मुलगा दिल्लीकडे कामाला. नात आईविना वाढली. पहिल्यांदा ती फिल्म लावली ती नात रडायची थांबेना म्हणून. लगेच थांबली. मग रोजच लावावी लागली. तो आवाज सुनेचा नाही हे दादीला चांगलं ठाऊक होतं. पण सांगायचं कधी आणि कसं? दरवर्षी ते जास्त अवघड होत गेलं. "एक दिन हम खुद भूल गए," ती म्हणाली. "शाम को चूल्हे पर बैठे थे, अंदर से तुम बोलीं, और हमने कह दिया, बहू, नमक ले आना."

मग तिने माझे दोन्ही हात धरले आणि जे मागायचं होतं ते मागितलं. मी काही नवीन वाक्यं बोलून द्यावीत. फोनमध्ये भरून. बेटी, ये दवा सही है. बेटी, खा लो. नात अम्माचं ऐकेल, आणखी कुणाचं ऐकणार नाही. "तुम्हारा क्या जाएगा? तुम तो पहले भी बोल चुकी हो."

तेवढ्यात मुलगी दारात आली. डोळे थेट तिच्या आईचे. मानेच्या एका बाजूला सूज. ती माझ्याकडे बघत राहिली आणि मी, जिला बोलण्याशिवाय दुसरं काही येत नाही ती, ओठ घट्ट मिटून उभी राहिले. तिने आत जाऊन स्टीलच्या पेल्यात पाणी आणलं. मी हात जोडले.

"बोलती नहीं?" तिने दादीला विचारलं.

"गूँगी है," दादी म्हणाली.

मुलीने कीव आल्यासारखी मान हलवली आणि गुळाचा एक खडा आणून माझ्या हातावर ठेवला. तेव्हा डोक्यावरून एक विमान गेलं. ते पार दिसेनासं होईपर्यंत आम्ही तिघी वर बघत होतो, आणि मला पळून जावंसं वाटत होतं.

घरी येऊन मी बाबांना सगळं सांगितलं. तीस-बत्तीस वर्षं त्यांनी लोकांचे आवाज तारांतून इकडचे तिकडे पोचवले होते. मला वाटलं, ते एका वाक्यात निकाल देतील, मेलेलं माणूस बोलत नसतं, विषय संपला. त्यांनी चष्मा काढून पुसला.

"आणि पोरगी गोळ्या खाईल का मग?"

"खाईल बहुतेक."

"मग बोलत काहून नाही?"

 हे माझे बाबा! मी चिडून म्हणाले, की आज गोळी खा म्हणून सांगेन, उद्या ती विचारेल शाळेत जाऊ का, परवा विचारेल घरी कधी येतेस. मी किती वर्षं तिची मेलेली आई होऊन राहू?

"ते बी खरंच आहे," बाबा म्हणाले. मग बराच वेळ ते गुडघा चोळत बसले. "तिच्या मायचा खरा आवाज नाही का कुठं? तुमची मशीन तर सगळंच भरून घेते."

मी नाही म्हणाले. सगळा विमानांनी खाल्लेला. पण सकाळी स्टुडिओत गेल्यावर मी पहिलं काम केलं ते जुनी हार्ड डिस्क शोधायचं. आम्ही फेकून काहीच देत नाही, नुसतं कपाटात कोंबतो. ती सापडली, चालूही झाली. मी खोलीचं दार लावलं आणि हेडफोन घातले.

घरघर. तिचं एखादं अक्षर, पुन्हा घरघर. माझा स्वतःचा त्या वेळचा आवाज, प्रश्न विचारणारा, सूचना देणारा, नको तितका खणखणीत. मग शेवटची फाईल आली. तिला आम्ही नाव दिलं होतं शांतता, आणि पुढे लिहिलं होतं बेकार.

सुरुवातीला खरंच काही नव्हतं. अंगण. पानांची सळसळ, लांब कुठेतरी हातपंपाची करकर. त्या दिवशी आभाळाने नेमकी तेवढीच उसंत दिली होती. बंद खोलीत बसून मी सहा-सात वर्षांपूर्वीची हवा ऐकत होते आणि मला मानेमागे कुणीतरी उभं असल्यासारखं वाटू लागलं. मी वळून पाहिलं. लहानपणीची सवय.

मग ती बोलली. हसत, अगदी माईकजवळ. "सब चुप काहे हो गए?"

मी हेडफोन काढून टेबलावर ठेवले. तो आवाज माझ्या कल्पनेतला नव्हताच. जाडसर, बसका, कडेला फाटलेला. इतकी वर्षं माझ्या आवाजातच ती मला आठवत होती. तिच्यासारखा श्वास घेऊन घेऊन मी तिला पुरती पुसून टाकली होती आणि मला पत्ताही नव्हता. मला रडू आलं, ते मी आवरलं नाही. मग हेडफोन पुन्हा घातले. अजून बरंच होतं, सामान आवरताना यंत्र बंद करायचं आम्ही विसरलो होतो.

मी पुन्हा त्या गावी गेले तेव्हा दुपार होती. मुलगी शाळेतून आलेली, दादी चुलीपाशी. मला बघून दादीने ओठांवर बोट ठेवलं. मी मान हलवून नाही म्हटलं आणि मुलीसमोर जमिनीवर बसले.

"मैं गूँगी नहीं हूँ," मी म्हणाले.

मुलीचा चेहरा आधी उजळला. मग तिने माझ्या तोंडाकडे नीट पाहिलं, माझ्या पांढऱ्या होत चाललेल्या केसांकडे, चष्म्याकडे, आणि तो उजेड विझला. ते बघणं मला फार जड गेलं. मी तिच्या फोनवर फिल्म लावली, आवाज बंद केला, आणि पडद्यावर तिच्या आईचे ओठ हलतील तसं बोलू लागले. विसरले नव्हते. पहले मैं बहुत कमज़ोर हो गई थी. मुलीने हात पुढे केला आणि दोन बोटं माझ्या गळ्यावर ठेवली, आवाज जिथून येतो तिथे. मी बोलत राहिले. तिची बोटं गार होती. दवा से मुझे कोई तकलीफ़ नहीं हुई, हे वाक्य आलं तेव्हा मी थांबले. पडद्यावर तिची आई एकटीच ओठ हलवत राहिली.

मुलीने बोटं काढून घेतली. रडली नाही. "तो अम्मा की आवाज़ किसके पास है?" तिने विचारलं.

मी पिशवीतून छोटा स्पीकर काढला.

पानांची सळसळ त्या अंगणात आधीच होती, तिच्यात आणखी थोडी मिसळली. मग "सब चुप काहे हो गए?" मुलगी दचकून मागे सरकली. "ये अम्मा नहीं हैं," ती म्हणाली. भेदरली होती. "ये कौन है? इसे बंद करो."

मी हात पुढे केला, पण चुलीपाशी भांडं पडल्याचा आवाज झाला. दादी उभी राहिली होती. स्पीकरमध्ये माझा तेव्हाचा आवाज विचारत होता, की दवा से कुछ परेशानी हुई थी क्या, आणि तो जाडसर आवाज सांगत होता, "अरे बहुत. रोज उल्टी होत रही. हम कहे, मर जाब, ई दवा न खाब. नाली में फेंक दिए दुइ दिन. तब बिटिया की दादी गुड़ दिहिन. कहिन, पहले दवा निगलो, फिर गुड़ मिली."

"हाँ दिए रहे," दादी स्पीकरला म्हणाली. "रोज दिए रहे. तुम मानत कहाँ रहीं, बहू?"

आणि जणू तिला ऐकू गेलं अशी ती स्पीकरमध्ये हसली.

मुलगी एकदा दादीकडे बघत होती, एकदा स्पीकरकडे. दादीचे डोळे वाहत होते, ती पदर लावत नव्हती. मुलीने हळूहळू जवळ सरकत स्पीकर उचलून मांडीवर घेतला. "अम्मा को भी उल्टी होती थी?" तिने विचारलं. मला नाही, दादीला. दादीने मान हलवली. मुलीने बोटाने दाखवलं, पुन्हा. मी पुन्हा लावलं. सब चुप काहे हो गए. या खेपेला ती दचकली नाही, कान लावून बसली.

दादी आत गेली. एका हातात गोळ्या, एका हातात गूळ घेऊन आली आणि नातीपुढे उभी राहिली. मुलीने स्पीकरवरचं लक्ष न काढता तळहात पुढे केला. गोळ्या तोंडात टाकल्या, पाणी प्यायली, तोंड वेडंवाकडं केलं, उमासा आला तो ओठ दाबून गिळला, आणि गुळासाठी हात पसरला.

मला इतका आनंद झाला की राहवलं नाही. "शाबाश, बेटा," मी म्हणाले. "देखो, अब रोज़ इसी तरह..."

तिने वर पाहिलं. थेट त्या डोळ्यांनी.

"आप चुप रहिए," ती म्हणाली. "अम्मा बोल रही हैं."